पहिली गाडी, बजेट आठ लाख: मॅन्युअल की एएमटी? बेळगाव सिटी आणि घाट दोन्हीचा अनुभव असलेल्यांनी सांगा

टिळकवाडीकर:

नमस्कार मंडळी. घरात पहिली चारचाकी घ्यायचं ठरलंय, ऑनरोड आठ लाखाच्या आत बसायला पायजे. २२ सप्टेंबर २०२५ पासनं छोट्या पेट्रोल गाड्यांचा जीएसटी १८ टक्क्यावर आला तेव्हापासनं मनात होतंच, आता शोरूमला फेऱ्या सुरू केल्यात. खरं गाडी कुठली यापेक्षा मॅन्युअल घ्यायची की एएमटी, म्हणजे क्लच-गेअर आपोआप पडणारी स्वस्तातली ऑटोमॅटिक, यावरच घरात रोज चर्चा होऊलालीय.

वापर असा हाय. रोज टिळकवाडी ते उद्यमबाग आणि परत, अंतर जास्त नाही खरं तिसऱ्या रेल्वे गेटच्या ब्रिजवर आणि पुढं खानापूर रोडला सकाळ-संध्याकाळ काय गर्दी असते ते तुम्हाला माहीतच हाय. सुट्टीला गणपत गल्ली, खडेबाजार. अधनंमधनं जांबोटीच्या पुढं गावी जायचं, आणि बहीण म्हापशाला दिलीय त्यामुळं चोर्ला घाटातनं जाणं-येणं, त्यावेळी गाडीत पाच माणसं आणि मागं सामान.

चालवणार तिघं. मला कंपनीच्या गाडीमुळं मॅन्युअलची सवय हाय. वडील ६५ वर्षांचे, त्यांनी आयुष्यभर गाडी चालवलीय खरं आता डावा गुडघा दुखतोय, क्लच दाबून दाबून त्रास होतो म्हणून त्यांनी चालवणंच सोडलंय आणि ते मला बघवत नाही. तिसरी बायको, ती स्कूटर झकास चालवते, गाडी आता शिकणार.

एएमटीला त्याच व्हेरियंटमध्ये साधारण पन्नास हजार जास्त सांगूलालेत. मित्र म्हणतात ती खरी ऑटोमॅटिक नव्हेच, घाटात मागं येते, क्लच जळतो, दुरुस्ती महाग. शोरूममधला पोरगा म्हणतो काहीच होत नाही. कुणाचं खरं मानायचं? ज्यांनी स्वतः वापरलीय त्यांनी सांगा प्लीज.

शहापूर_जुना_ड्रायव्हर:

मॅन्युअल. पंधरा वर्षं गाडी ठेवणारी माणसं आपण. कुठंही बंद पडली तरी कुठलाही मिस्त्री हात लावतो, बॅटरी उतरली तर दोघांनी ढकलून दुसऱ्या गेअरला सोडली की चालू. एएमटी ढकलून चालू होत नाही हे पक्कं ध्यानात ठेवा. कणकुंबीच्या पुढं पावसात रात्री अडकलात तर फरक कळेल.

उद्यमबाग_गॅरेज:

वरच्या काकांचं ढकलून चालू करायचं म्हणणं बरोबर हाय, त्यात वाद नाही. खरं बाकीचं जरा सविस्तर सांगतो, रोज ह्याच कामात असतो.

आठ लाखाच्या आत जी ऑटोमॅटिक मिळते ती नव्वद टक्के एएमटीच. आपल्या देशात ही २०१४ ला सेलेरिओत पहिल्यांदा आली, आता अल्टो के१०, वॅगनआर, स्विफ्ट, टियागो, पंच, निऑस, एक्स्टर, क्विड सगळ्यात हाय. ह्यात गेअरबॉक्स मॅन्युअल गाडीचाच, क्लच प्लेट तीच, प्रेशर प्लेट तीच. फरक एवढाच की क्लच दाबायचं आणि गेअर टाकायचं काम तुमच्या पायाऐवजी आणि हाताऐवजी अ‍ॅक्च्युएटर करतो, म्हणजे काही गाड्यांत एक छोटा पंप, तेल, व्हॉल्व्ह, काहींत इलेक्ट्रिक मोटर, आणि त्याला हुकूम देणारा कंट्रोलर. म्हणून ती स्वस्तात बसते आणि म्हणूनच मायलेज पण मॅन्युअलच्या बरोबरीनं देते. पूर्वीच्या टॉर्क कन्व्हर्टरवाल्या ऑटोमॅटिक जास्त पेट्रोल प्यायच्या, ते ऐकून लोक अजून एएमटीला नावं ठेवतात, ते चूक.

तुमचे मित्र म्हणतात ती खरी ऑटोमॅटिक नव्हे, तेवढं मात्र बरोबर. टॉर्क कन्व्हर्टरमध्ये इंजिन आणि गेअरबॉक्सच्या मध्ये तेल असतं, त्यामुळं चढावर घासायला प्लेटच नाही. सीव्हीटी म्हणून आणखी एक ऑटोमॅटिक असते, तिच्यात पट्टा आणि पुली, गेअर बदलल्याचं कळतच नाही. एएमटीत कोरडी प्लेट हाय, आणि कोरडी प्लेट अर्धवट चिकटलेली ठेवली की तापणारच, मग ती पायानं अर्धवट ठेवा नाहीतर कॉम्प्युटरनं ठेवू दे.

आता क्लच जळतो कधी ते ऐका. ब्रिजवर ट्रॅफिक थांबलंय, समोर चढ हाय, आणि माणूस ब्रेक न दाबता नुसत्या अ‍ॅक्सिलेटरवर गाडी जागेला धरून ठेवतो. मॅन्युअलमध्ये हाफ क्लचवर धरतात तसंच. एएमटीत पाय ब्रेकवरच पायजे, पुढची गाडी नीट हलली की ब्रेक सोडून सरळ अ‍ॅक्सिलेटर द्यायचा. हिल होल्ड असली तर ती चढावर ब्रेक सोडल्यावर दोन-एक सेकंद गाडी धरते तेवढ्यात निघायचं, नसली तर हँडब्रेक लावून निघायचं. इंच इंच पुढं सरकायचं नाही, दोन गाड्यांची जागा झाली की मग जायचं. आणि दुसऱ्या गेटला फाटक पडलं की एनमध्ये, म्हणजे न्यूट्रलला, टाकून हँडब्रेक लावायचा, डीत, म्हणजे पुढं जायच्या ड्राइव्हला, ब्रेक दाबून बसायचं नाही, कारण डीत असताना क्लच सगळा वेळ दाबलेलाच असतो आणि रिलीज बेअरिंगवर जोर राहतो. एवढं पाळलं तर प्लेट नवशिक्याच्या मॅन्युअल गाडीपेक्षा जास्त चालते, कारण कॉम्प्युटर क्लचवर पाय ठेवून गाडी चालवत नाही, आणि आमच्याकडं येणाऱ्या जळक्या प्लेटांत निम्म्याहून जास्त त्या सवयीच्याच असतात.

दुरुस्तीचं: क्लच प्लेटचा खर्च मॅन्युअलपेक्षा थोडा जास्त, कारण बसवल्यावर स्कॅनर लावून क्लचचं लर्निंग, म्हणजे कंट्रोलरला नव्या प्लेटची ओळख, करून घ्यावं लागतं, ते न करता गाडी दिली तर झटके मारते. अ‍ॅक्च्युएटर गेला तर मात्र मोठा खर्च, आणि ते काम आमच्यासारख्या बाहेरच्या गॅरेजमध्ये सरसकट होत नाही. म्हणून एएमटी घेतली तर वाढीव वॉरंटी घ्याच, त्यात अ‍ॅक्च्युएटर आणि कंट्रोलर धरलाय का ते कागदावर वाचून घ्या, तोंडी नको.

अनगोळकर_ताई:

मी एएमटी चालवते, वॅगनआर. आधी मॅन्युअलवर शिकले होते, शिकून सुद्धा दोन वर्षं गाडी घराबाहेर काढली नाही कारण कपिलेश्वर ब्रिजच्या चढावर मागनं बस हॉर्न मारतेय आणि गाडी मागं जातेय ह्या एकाच भीतीनं. एएमटी आल्यावर ती भीती गेली. मुलांना शाळेत सोडणं, आईला दवाखान्यात नेणं, रविवार पेठेतनं सामान, सगळं माझं मी करते, कुणाला विचारायला लागत नाही. हे पन्नास हजारात मोजता येत नाही हो दादा.

तुमच्या मिसेससाठी एक सांगते. शिकताना मॅन्युअलवरच शिकू द्या, ड्रायव्हिंग स्कूलच्या गाड्या तशा पण मॅन्युअलच असतात. लायसन्स एकच, आपल्याकडं ऑटोमॅटिकचं कारचं वेगळं लायसन्स नसतं. पुढं कुणाचीही गाडी चालवायची वेळ आली तर अडायला नको. पण रोजच्यासाठी घरात ऑटोमॅटिकच असू दे.

आणि वडिलांचं तर विचारायलाच नको. गुडघ्याचं दुखणं असलेल्या माणसाला पाच किलोमीटर क्लच दाबत जायला लावणं म्हणजे त्यांना घरात बसवणंच. माझे सासरे आता स्वतः हिंडलग्याच्या गणपतीला गाडी घेऊन जातात.

गेअर बदलताना गाडी जराशी अडकल्यासारखी वाटते, मान पुढं जाते, ते खरं हाय. पहिल्या दुसऱ्या गेअरला जास्त. त्यावर उपाय असा की आता गेअर पडणार असं वाटलं की अ‍ॅक्सिलेटर किंचित सैल सोडायचा, महिनाभरात पायाला आपोआप कळतं.

निपाणी_चिकोडी_रोड:

माझं मत वेगळं हाय भावा, राग मानू नको. शहरात एएमटी चांगलीच, ताईंचं सगळं पटलं. खरं आमच्या भागात ऊस सुरू झाला की रस्त्याला काय असतं ते बघ एकदा येऊन. चिकोडी-अंकली म्हण, रायबाग म्हण, कागवाड म्हण, ट्रॅक्टरला मागं दोन-दोन ट्रॉल्या, ऊस बाहेर आलेला, मागं रिफ्लेक्टर नाही, आणि समोरनं पण तसलाच ट्रॅक्टर येतोय. तिथं ओव्हरटेक करायला मध्ये जी जागा मिळते ती थोडकी असते. मॅन्युअलमध्ये मी तिसरा टाकून दाबतो, गाडी लगेच उठते. एएमटीत पाय दाबला की ती आधी विचार करते, मग क्लच सोडते, मग गेअर खाली टाकते, मग पुन्हा क्लच धरते, तोपर्यंत ताकद शून्य. अशा वेळी ताकद शून्य होणं म्हणजे जिवाशी गाठ. चुलत्याची एएमटी मी ह्याच रस्त्याला चालवलीय म्हणून सांगालोय.

तुझं जाणं-येणं बेळगाव सिटी आणि गोवा असंल तर बघ तुझं तू. खरं अथणी, रायबागकडं हंगामात रोज जायचं असेल तर मी मॅन्युअलच म्हणीन.

दुसरं एक. कर्नाटकात एक लाखाला पंधरा हजार टॅक्स जातोय म्हणून आमच्याकडं काहीजण कोल्हापूरच्या पाहुण्याच्या पत्त्यावर एमएच-०९ पासिंग करून आणतात, तिकडं पेट्रोल गाडीला दहा लाखापर्यंत ११ टक्के टॅक्स हाय. तेवढ्या पैशात एएमटीचा फरक निघतोय असा हिशोब मांडतात. तू त्यात पडू नको म्हणून आधीच सांगतोय.

खानापूर_रानवाट:

निपाणीवाल्या भावाचा मुद्दा शंभर टक्के बरोबर, खरं त्याला उत्तर पण गाडीतच हाय आणि बरेच एएमटीवाले ते वापरतच नाहीत. लिव्हर डीवरनं बाजूला एममध्ये, म्हणजे मॅन्युअल मोडला, ढकलायची, प्लस-मायनसनं गेअर तुम्ही टाकायचा. ट्रॉलीच्या मागं आलो की आधीच एममध्ये घेऊन एक गेअर खाली करून ठेवायचा, मग जागा दिसली की दाबायचं, त्यावेळी गाडी थांबून विचार करत नाही कारण गेअर आधीच पडलेला असतो. ऐनवेळी डीत असताना पाय दाबून बसायचं नाही. एक्स्टरच्या एएमटीला तर स्टिअरिंगच्या मागं पॅडल पण दिलेत, हात काढायची गरज नाही.

आता घाट. मी चोर्ला, अनमोड, आंबोली तिन्ही एएमटीनं केलेत, छोटं एक लिटरचं इंजिन, माणसं भरून. घाटात मागं येते असं तुमचे मित्र म्हणतात ते चालू गाडीचं नव्हे, थांबून निघताना. ते वर गॅरेजवाल्या दादांनी सांगितलंय तसं केलं की येत नाही.

चढाला खरा त्रास वेगळा हाय. डीत ठेवली की गाडी वळणाआधी तिसरा टाकते, वळणात ताकद कमी पडली की दुसरा, सरळ दिसलं की परत तिसरा. पाच माणसं असली की हे सारखं चालतं आणि मागं बसलेल्यांना मळमळतं. मी जांबोटी सोडून पुढं घाटाला लागलो की एममध्ये घेतो आणि दुसऱ्या-तिसऱ्यावर माझ्या हातानं चालवतो. इंजिन जरा ओरडतं, ओरडू दे.

उताराला तर एम पायजेच पायजे. डीत सोडली तर गाडी वरचा गेअर टाकते, इंजिनचा धरून ठेवायचा जोर जातो आणि सगळा भार ब्रेकवर येतो. चोर्ल्याला केरीकडं उतरताना ब्रेक तापून वास यायला लागलेल्या गाड्या कडेला उभ्या दिसतात, त्यात मॅन्युअल पण असतात, चौथ्यावर उतरणाऱ्या. दुसऱ्यावर उतरायचं, ब्रेक मधून मधून मारायचा, सतत पाय ठेवायचा नाही. आणि एन टाकून उतरायचं तर कधीच नाही, पेट्रोल वाचतं म्हणून काहीजण करतात, आत्ताच्या इंजेक्शनच्या गाड्यांत गेअरमध्ये उतरताना पाय काढला की पेट्रोल बंदच होतं, त्यामुळं एन टाकून वाचत काहीच नाही.

पावसाळ्यात कणकुंबीच्या पुढं धुकं असतं तेव्हा मात्र मला ऑटोमॅटिकच बरी वाटते. दोन हात स्टिअरिंगला, लक्ष सगळं रस्त्यावर, सावकाश सरकत जायचं.

टिळकवाडीकर:

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं सविस्तर कुठल्याच शोरूममध्ये कुणी सांगितलं नाही. वडिलांना हे सगळं वाचून दाखवलं, ताईंचं वाचल्यावर ते काही बोलले नाहीत खरं नंतर आपणहून विचारले की टेस्ट ड्राइव्हला कधी जाऊया.

दोन शंका अजून. टॅक्सचं नीट कुणी सांगाल काय, आणि सीव्हीटी घेतली तर हा क्लचचा प्रश्नच मिटतो ना? बजेट थोडं ताणायची तयारी हाय.

कॅम्प_हिशोबनीस:

टॅक्सचं मी सांगतो. कर्नाटकात ५ ते १० लाखाच्या पेट्रोल गाडीला लाइफटाइम टॅक्स १४ टक्के आणि त्याच्यावर सेस. म्हणजे एएमटीचे पन्नास हजार जास्त धरले तर टॅक्समध्ये सात-आठ हजार आणखी वाढले, इन्शुरन्स थोडा वाढला, कर्ज काढलंत तर त्याचं व्याज. शोरूमला एक्स-शोरूमचा फरक विचारू नका, दोन्हीचे ऑनरोड कोटेशन शेजारी ठेवून बघा. फरक साठ हजाराच्या आसपास दिसेल.

एमएच पासिंगचं निपाणीकरांनी बरोबर सावध केलंय. मोटार वाहन कायद्याच्या कलम ४७ प्रमाणं दुसऱ्या राज्याची गाडी १२ महिन्यांपेक्षा जास्त इथं ठेवली तर इथला नंबर घ्यावाच लागतो, त्यावेळी तिकडच्या आरटीओची एनओसी (ना-हरकत पत्र) काढा, इथला टॅक्स भरा, तिकडचा परत मिळवायला अर्ज करत हिंडा. शिवाय पाहुण्याच्या पत्त्यावर कागद केले की अपघाताच्या क्लेममध्ये उगाच प्रश्न निघतात. राहता बेळगावात तर केए-२२ घ्या आणि निवांत राहा.

उद्यमबाग_गॅरेज:

सीव्हीटीनं तो प्रश्न मिटतो, बरोबर. टिळकवाडीतनं रोजच्या ट्रॅफिकला ती एएमटीपेक्षा मऊ चालते यात शंका नाही. खरं ती तुमच्या बजेटला अडते. अमेझला हाय, मॅग्नाइट आणि कायगरला टर्बो इंजिनाबरोबर हाय, आठ लाख ऑनरोडमध्ये बसवायला गेलात तर सेकंडहँड बघावी लागेल. आणि सेकंडहँड सीव्हीटी घेताना तिचं तेल वेळेवर बदललंय का ह्याचा कागद नसला तर मी घेऊ देणार नाही, कारण तो बॉक्स गेला की गाडीच्या किमतीचा मोठा हिस्सा जातो. पहिल्याच गाडीला तो धोका नको.

तुमच्या घरात ती चालवणार कोण ते बघा. तीनपैकी दोघं जर मॅन्युअलवर नीट चालवूच शकणार नसतील तर मॅन्युअलचं वरचं व्हेरियंट घेऊन, मोठा स्क्रीन आणि अलॉय लावून, गाडी तुमची सुट्टी असेल तेव्हाच बाहेर निघणार. मी एएमटी म्हणतो, मधल्या व्हेरियंटमध्ये. फक्त हिल होल्ड आणि मागचा वायपर-डिफॉगर (काचेवरची वाफ घालवणारा) असलेलं बघा, आपल्याकडचा पाऊस बघता डिफॉगर लागतोच.

टेस्ट ड्राइव्ह मात्र शोरूमवाला नेईल त्या सरळ रस्त्याला नको. चार माणसं बसवून ब्रिजच्या चढावर थांबा, तिथनं निघा. जमलं तर येळ्ळूरच्या राजहंसगडाच्या चढाला न्या, तिथं सगळं कळतं. वडिलांनाच चालवू द्या, आणि उलटी घेऊन बघायला सांगा, कारण एएमटीत सगळ्यात अवघड काम म्हणजे चढावर रिव्हर्स घेणं. तुमच्या घराला पार्किंगचा रॅम्प असेल तर हे नक्की बघा, रॅम्पवर रिव्हर्स हळू हळू घेताना प्लेट सगळ्यात जास्त तापते. गाडी उलटी आत लावून सरळ बाहेर काढायची असेल तर तो चढ किती हाय ते आधी बघून ठेवा.

टिळकवाडीकर:

रॅम्प हाय खरं लहानच हाय, गाडी सरळ आत जाते आणि उताराला उलटी बाहेर येते, म्हणजे चालेल असं वाटतंय. राजहंसगडाची आयडिया आवडली, विचारतो शोरूमला. शेवटचं एकच, ह्यात पी, म्हणजे पार्किंगचा गेअर, नसतो म्हणे, मग चढावर पार्क कशी करायची? वडिलांना पण तेच विचारायचं होतं.

उद्यमबाग_गॅरेज:

एएमटीत पी नसतो, मॅन्युअलसारखीच गेअरमध्ये लावून ठेवायची. पूर्ण थांबा, पाय ब्रेकवर ठेवून हँडब्रेक ओढा, तोंड चढाकडं असेल तर लिव्हर डीत, उताराकडं असेल तर आरमध्ये (रिव्हर्सला), मीटरवर १ किंवा आर दिसला की मगच इंजिन बंद. एनमध्ये बंद केली तर गाडी नुसत्या हँडब्रेकवर राहते, ते नको. परत चालू करताना ब्रेक दाबून एनमध्ये आणल्याशिवाय बहुतेक गाड्या स्टार्टच होत नाहीत, पहिल्या आठवड्यात वडील म्हणतील गाडी चालू होईना, तेव्हा आधी लिव्हर कुठं हाय ते बघायचं. टेस्ट ड्राइव्ह झाली की इथं लिहा कुठली घेतली.